चार नंबरचा हातपंप

९ जानेवारी

प्रिय ताई,

इतके महिने पत्र नाही, त्याबद्दल आधी माफी मागते. तुझी दोन पत्रं माझ्या टेबलाच्या कोपऱ्यात पडून आहेत आणि रोज मी त्यांच्याकडे पाहून खजील होते. उशिराची कारणं द्यायची तर तीन आहेत. तिन्ही खरी आहेत, पण पुरेशी एकही नाही, म्हणून देत नाही. फोन करता आला असता, पण फोनवर आपण दोघी फक्त भांडतो. माझी आई म्हणायचीच ना, या मावसबहिणींच्या हाती कागद द्या, म्हणजे माणसांसारख्या वागतील.

काम तेच आहे. विद्यापीठात जे नवं संशोधन होतं त्याचं पत्रक आमचा विभाग दर पंधरवड्याला काढतो. तंत्रज्ञान, व्यापार, आरोग्य, पर्यावरण आणि संस्कृती असे पाच विषय, प्रत्येकी एक उतारा. प्राध्यापक चाळीस पानं देतात आणि मी त्यांच्या दहा ओळी करते. या वेळी एक यंत्र आहे, पुलावरून गाड्या जाताना होणाऱ्या आवाजावरून ते पुलाची भेग ओळखतं. एका अभ्यासात म्हटलंय की दुकानदार उभा असेल तर गिऱ्हाईक कमी घासाघीस करतं. अंगाईगीतांवरही एक आहे. आई जितकी दमलेली, तितकी तिची अंगाई भरभर चालते. हे शोधायला चार वर्षं लागली. तुला विचारलं असतं तर चार मिनिटांत सांगितलं असतंस, असं मी आमच्या मुख्य संपादकांना म्हणाले. ते हसले नाहीत.

पर्यावरणाचा उतारा अजून बंद आहे. नियतकालिकात लेख छापून येईपर्यंत त्यातलं अक्षरही बाहेर बोलायचं नाही, तशी आमची सही असते. म्हणून त्याबद्दल काही लिहीत नाही.

सहज विचारते, पाळणाघरातल्या मुलांना प्यायचं पाणी तू कुठून भरतेस? पुलाजवळच्या हातपंपाचं की शाळेमागच्या?

उद्याचं काम: चष्म्याची दांडी बसवून आणणं.

तुझी
टाचणी


१५ जानेवारी

टाचणी,

तुझं 'सहज' मी चांगलं ओळखते. लहानपणी सहज विचारून तू माझ्याकडून काय काय काढून घेतलंयस त्याची यादी मला पाठ आहे. असो. पत्र आलं, बरं वाटलं. अंगाईचं तुझ्या भाऊजींना वाचून दाखवलं. ते म्हणाले, मग आपल्या घरातली अंगाई म्हणजे आगगाडीच.

पाण्याचं विचारतेस तर सांगते. नळाला आठवड्यातून दोनदा पाणी येतं आणि तेही तांबूस, ते धुण्याभांड्याला वापरतो. प्यायचं पुलाजवळच्या हातपंपाचं. भाऊजी गॅरेजवर जाताना रिकामे कॅन सायकलला अडकवतात, येताना भरून आणतात. शाळेमागचं पाणी चवीला जास्त गोड आहे पण लांब पडतं, आणि तिथे मधल्या सुट्टीत पोरांची ही झुंबड असते.

पाळणाघरात सध्या सहाजण आहेत, आणि सातवी आपली पिटुकली. माझी नात म्हणून सांगत नाही, पण बाकीचे सहा एकीकडे आणि ती एकीकडे. अजून धड बसता येत नाही पण हुकूम सोडते. लेक कामावर रुजू झाल्यापासून पिटुकली पावडरच्या दुधावर आहे. दिवसभर बाटल्या उकळणं आणि दूध कालवणं हाच माझा धंदा. म्हणून पाण्याचं का विचारलंस ते सरळ सांग. उगाच माझ्या डोक्यात किडा सोडून तू तिकडे चष्म्याची दांडी बसवत बसू नकोस.

आणि तुझं ते 'उद्याचं काम' वाचून हसू येतं. अजून गेली नाही का ती सवय? माझी कामं लिहून ठेवावी लागत नाहीत. ती मला शोधत येतात.

तुझी
ताई


१९ जानेवारी

प्रिय ताई,

हे पत्र वाचून झालं की जाळ किंवा फाड. हे वाक्य लिहिताना मलाच विचित्र वाटतंय, एखाद्या कटात असल्यासारखं. पण लिहिते.

पुलाजवळच्या हातपंपाचं पाणी आजपासून मुलांना देऊ नकोस. पिटुकलीच्या दुधाला तर नाहीच. त्या पाण्यात जे आहे ते उकळून जात नाही आणि गाळूनही जात नाही. चवीला कळत नाही, दिसतही नाही. मोठ्यांना हळूहळू बाधतं, लहानांना लवकर. शाळेमागचं पाणी चांगलं आहे. लांब पडलं तरी तेच आण.

मला कसं कळलं ते थोडक्यात सांगते. आमच्याकडे एक प्राध्यापक आहेत, सगळे त्यांना पाण्याच्या बाई म्हणतात. त्यांनी नदीकाठच्या हातपंपांचं पाणी तपासलंय. लेखात गावांची नावं नाहीत, नुसती अक्षरं आहेत, आणि हातपंपांना नंबर. पण एका गावाचं वर्णन असं आहे: पाच कमानींचा दगडी पूल, काठावर शाळा, आठवड्यातून दोनदा नळ, आणि दोनच हातपंप, चार नंबरचा आणि पाच नंबरचा. ताई, मी उन्हाळ्याच्या सगळ्या सुट्ट्या त्या पुलावर काढल्यात. मला नाव लागत नाही. चार नंबरचा वाईट आहे. नदी डोंगराकडून येते, तिच्या वाटेवर आधी पूल, मग शाळा. म्हणजे चार नंबर पुलाजवळचा आणि पाच नंबर शाळेमागचा.

हे कुणालाही सांगू नकोस. लेख छापून यायला फार दिवस लागणार नाहीत, मग सगळ्यांनाच कळेल. तोवर बाहेर गेलं तर माझी नोकरी जाईल हे खरं, पण बाईंचं कामही मोडेल. ज्यांनी ते पाणी बिघडवलं त्यांना म्हणायला जागा मिळेल की ही नुसती आवई आहे.

पण मग तुला तरी का सांगते? तू माझी आहेस म्हणून. आणि तुझ्या शेजारची माणसं माझी नाहीत म्हणून त्यांना सांगत नाही, असाच याचा अर्थ होतो. हे वाक्य मी दोनदा खोडलं आणि पुन्हा लिहिलं. आधी मुलं वाचू देत.

उद्याचं काम: हे पत्र कार्यालयाच्या टपालात न देता कोपऱ्यावरच्या पेटीत टाकणं.

टाचणी


८ फेब्रुवारी

टाचणी,

तुझं पत्र फाडलं. चुलीत घालायला आता घरोघरी चुली कुठे आहेत?

पाणी बदललं. तू सांगितलंस त्याच दिवशी. भाऊजींना सगळं सांगितलं, त्यांच्यापासून मला काही लपवता येत नाही आणि सायकल त्यांची. ते म्हणाले, टाचणीने लिहिलंय म्हणजे दहा वेळा तपासूनच लिहिलं असणार. आता रोज वळसा घालून शाळेमागे जातात.

पण खोटं बोलणं मला जमत नाही गं. आपल्याकडे एक बसवाली आहे, शहरबस चालवते, तिचा मुलगा माझ्याकडे असतो. तिने दुसऱ्याच दिवशी विचारलं, "ताई, पुलाचा हातपंप काय वाईट झाला?" मी म्हटलं, "दांडा जड झालाय, ह्यांचा खांदा दुखतो." झालं! ती बिचारी तिच्या डेपोतून ग्रीसचा डबा घेऊन आली आणि त्या दांड्याला असं काही तेलपाणी केलं की आता तो एका बोटावर चालतो. सगळी गल्ली तिचं कौतुक करतेय. माझं खोटं एका दिवसात उघडं पडलं. मग मी म्हटलं, शाळेमागचं पाणी गोड आहे, पिटुकलीला तेच मानवतं. "तसं आधी सांगायचं ना," म्हणाली, आणि तीही तिकडूनच भरायला लागली. तिचं बघून बाकीच्या आयासुद्धा. पाळणाघरातल्या सगळ्यांच्या घरी आता शाळेमागचं पाणी आहे. मी कुणालाही काही सांगितलं नाही आणि तरी सहा घरं वाचली, म्हणून मनातून बरं वाटलं.

राहिली समोरची चार घरं. ती अजून पुलाचंच पाणी भरतात. त्यांच्यातली म्हातारी मला रोज हात करते. मी तिच्याकडे धड बघत नाही. लेख लवकर छापा म्हणावं तुमच्या लोकांना.

पिटुकली जरा किरकिर करतेय. दूध अर्धं टाकते, पोट साफ होत नाही, मांडीवरून खाली ठेवलं की रडते. दात येत असणार. लेक म्हणते डॉक्टरांना दाखवू, मी म्हटलं दातांसाठी कुणी डॉक्टर करतं का? हुकूम सोडणंही बंद आहे तिचं. घर कसं गप्प गप्प वाटतं.

तुझी
ताई


१४ फेब्रुवारी

ताई,

सकाळी फोनवर मी जे ओरडत होते त्यातलं तुला किती समजलं मला माहीत नाही. तू एकच विचारलंस, "मग मी तिला इतके दिवस काय पाजलं?" आणि फोन ठेवलास. त्यानंतर उचलत नाहीस. लेकीचाही बंद लागतो. म्हणून सगळं नीट, क्रमाने लिहिते. आज तुमच्याकडे येणाऱ्या एका माणसाबरोबर हे पत्र पाठवते, संध्याकाळी तुझ्या हाती पडेल.

वाईट आहे तो शाळेमागचा हातपंप. पुलाजवळचा चांगला आहे. मी उलट सांगितलं.

पाण्यात आहे ते शिसं. मागच्या पत्रात मी नाव लिहिलं नव्हतं, तू घाबरशील म्हणून. शाळेमागचं मैदान कधीकाळी कारखान्याची राख आणि टाकाऊ गाळ टाकून भरलेलं आहे, ते वरून कुणालाच दिसत नाही. किरकिर, दूध टाकणं, पोट साफ न होणं, हे दातांचं नाही. आजच्या आज मोठ्या दवाखान्यात ने आणि रक्तातलं शिसं तपासायला सांग. हेच शब्द वापर. ते म्हणतील कशाला, तर माझं नाव सांग, विद्यापीठाचं सांग, काय हवं ते सांग. बसवालीच्या मुलालाही ने. सगळ्यांना ने.

कशी चुकले ते सांगते. हे तुझ्यासाठी आता काही कामाचं नाही, तरी.

माझा दहा ओळींचा उतारा आज पाण्याच्या बाईंकडून तपासून परत आला. एकच दुरुस्ती होती. मी कापलेलं एक वाक्य त्यांनी पुन्हा घातलं होतं आणि बाजूला लिहिलं होतं, 'हे काढू नका, नकाशा यावर उभा आहे.' ते वाक्य असं: नमुने नदीच्या मुखाकडून उगमाकडे जात घेतले आणि ठिकाणांचे क्रमांक त्याच क्रमाने दिले आहेत.

बाईंची माणसं नदीच्या पाण्याचेही नमुने घेतात. त्यासाठी पात्रात उतरलं की तळाचा गाळ ढवळला जातो आणि प्रवाहाबरोबर खाली जातो. आधी वरचा नमुना घेतला तर खालचा आपणच गढूळ केलेला मिळतो. म्हणून ते नेहमी खालून सुरू करून प्रवाहाच्या उलट वर चढतात. हातपंपांचे नमुने त्याच फेरीत घेतले, त्यामुळे त्यांचे नंबरही खालून वर. चार नंबर शाळेमागचा. पाच नंबर पुलाजवळचा.

ते वाक्य मी वाचलं होतं, ताई. वाचूनच कापलं होतं. एक ओळ जास्त होत होती आणि मला वाटलं, नमुने वरून घेतले की खालून, वाचकाला काय त्याचं?

दवाखान्यातून आलीस की दोन शब्द कळव. मला काहीही बोल, पण कळव.

उद्याचं काम: बाईंना सांगणं.

टाचणी


२१ फेब्रुवारी

ताई,

तुझं पत्र नाही, फोन नाही. लेकीने एका ओळीचा निरोप पाठवला, 'रक्त घेतलंय, रिपोर्ट यायचाय, आईला सध्या त्रास देऊ नकोस मावशी.' त्रास देत नाही. नुसतं लिहिते. वाचायचं की नाही ते तू ठरव.

बाईंकडे गेले. त्यांची प्रयोगशाळा माझ्या खोलीच्या दोन मजले खाली आहे. बाटल्यांच्या खोक्यांमधून वाट काढत त्यांच्या टेबलापर्यंत जावं लागतं. त्या बाटल्यांवर चिठ्ठ्या चिकटवत होत्या. मी उभ्याउभ्याच सगळं सांगितलं. त्यांचा हात थांबला.

"कधीपासून?"

"जानेवारीच्या शेवटापासून."

"आणि पोरगी किती मोठी?"

मी सांगितलं. त्यांनी चष्मा काढला आणि बराच वेळ पदराने पुसला.

"दोन मजले," त्या म्हणाल्या. "दोन मजले उतरून मला विचारायला काय झालं होतं तुला? चार नंबर कुठला एवढंच?"

"विचारलं असतं तर तुम्ही म्हणाला असता, तुला कशाला हवंय. मग मी बाहेर सांगणार आहे हे कळलं असतं."

"म्हणजे चोरी लपवायची म्हणून पत्ता विचारला नाहीस."

खरंच होतं ते. ताई, मी आयुष्यभर इतरांची वाक्यं तपासत आले. एखादा आकडा दोनदा पडताळून पाहिल्याशिवाय मला चैन पडत नाही. आणि हा एकच आकडा मी कुणालाही दाखवला नाही, कारण दाखवला असता तर मी पकडले गेले असते. लपवून सांगितलेली गोष्ट तपासता येत नाही, हे मला इतकी वर्षं या खुर्चीत बसून कळू नये?

मग मीही चिडले. म्हटलं, "तुम्हाला तर पहिल्यापासून माहीत होतं. शाळेतली मुलं ते पाणी पितात. तुम्ही का नाही सांगितलं?"

"पाणीखात्याला दोनदा लिहिलं," त्या म्हणाल्या. "ते म्हणतात, छापून आलेला पुरावा आणा. नियतकालिकवाले म्हणतात, आणखी एकदा तपासणी करू. मी मधे बसलेय. तुला वाटतं मला झोप लागते?"

त्यांची चूक आहे की नाही, मला ठरवता येत नाही. माझी आहे एवढं नक्की.

मुख्य संपादकांनाही सांगितलं. त्यांनी दार लावून घेतलं आणि म्हणाले, यापुढे याबद्दल लेखी काही नको, तोंडी नको, लेख येईपर्यंत विभागाचा या गावाशी संबंध नाही. मी म्हटलं, विभागाचा नसेल, माझा आहे. ते म्हणाले, तो तुमचा घरचा प्रश्न.

पिटुकलीचं कळव. तुझ्या हाताने नको वाटत असेल तर भाऊजींना लिहायला सांग.

उद्याचं काम सुचत नाही.

टाचणी


३ मार्च

टाचणी,

भाऊजींना सांगितलं होतं लिहायला. ते कागद घेऊन बसले आणि 'चि. टाचणीस' एवढं लिहून डोळे पुसायला लागले, म्हणून मीच लिहितेय. तुझ्यावरचा राग गेलाय असं समजू नकोस. तो इथेच आहे, शेजारी बसलाय.

रिपोर्ट आला. पिटुकलीच्या रक्तात शिसं आहे, धोक्याच्या रेषेच्या बरंच वर. डॉक्टरीणबाई चांगल्या आहेत. म्हणाल्या, पाणी बंद केलंत ना, आता हळूहळू उतरेल, औषध देतोय, महिन्याने पुन्हा पाहू. मी विचारलं, उतरलं म्हणजे झालं ना सगळं ठीक? तर म्हणाल्या, "आजी, ते आत्ता सांगता येणार नाही. वाढताना कळेल." वाढताना म्हणजे कधी गं? चालायला लागल्यावर, बोलायला लागल्यावर, की शाळेत पाटी घेऊन बसल्यावर? तिने उशिरा एक पाऊल टाकलं तरी मी म्हणणार, हे त्या पाण्याचं. तू मला आयुष्यभराचं हे देऊन ठेवलंस.

बसवालीच्या मुलाच्या रक्तातही आहे, थोडं कमी. तिच्या दारात जाऊन मीच सांगितलं. वाटलं होतं ती ओरडेल. तिने फक्त विचारलं, "ग्रीसचा डबा आणला तेव्हा तुम्हाला माहीत होतं?" मी हो म्हटलं. दुसऱ्या दिवसापासून तिने मुलगा माझ्याकडे पाठवला नाही. आणखी दोघींनी काढून घेतले. मी त्यांना दोष देत नाही.

पण तुला लिहायला बसले ते यासाठी नाही.

मी गल्लीत सगळ्यांना सांगितलं, शाळेमागचं पाणी भरू नका. हातपंपापाशी उभी राहिले. लोकांनी विचारलं, कुणी सांगितलं? म्हटलं, माझ्या बहिणीने, विद्यापीठात असते. बसवालीकडून गल्लीत कळलं होतंच, तर समोरची म्हातारी म्हणाली, "पुलाचं वाईट म्हणून आधी कुणी सांगितलं होतं?" म्हटलं, तिनेच. सगळे हसले, टाचणी. खरंच हसले. एकजण म्हणाला, "एकदा हा, एकदा तो, तिसऱ्यांदा तुमची बहीण नदीच वाईट म्हणेल." मग मी म्हटलं, पोरांचे रिपोर्ट बघा. तर म्हणे, ते शिसं कुठूनही आलं असेल, खेळण्यांच्या रंगातून येतं म्हणतात. शाळेच्या मोठ्या बाई म्हणाल्या, "लेखी आणा, मग बघू."

अजून भरतात तिथूनच. मधल्या सुट्टीत पोरं ओंजळीने पितात. मी कुंपणाशी उभी राहून ओरडते तर ती मला पाण्याची आजी म्हणून चिडवतात. एक लहानगी आहे, दोन वेण्यांची, ती पाणी पिऊन मला मुद्दाम तोंड उघडून दाखवते, बघा, काही झालं नाही.

तुझ्यामुळे त्यांचा माझ्यावर विश्वास राहिला नाही. तू मला गुपचूप सांगितलंस म्हणून मी गुपचूप वागले, आणि आता मोठ्याने बोलतेय तर कुणी ऐकत नाही. पत्र लिहून हे सुटायचं नाही. तू ये. सगळ्यांसमोर उभी राहा आणि तोंडाने सांग, नंबर उलटे का झाले ते. तुझी नोकरी वगैरे मला सांगू नकोस.

पिटुकलीने काल पूर्ण बाटली संपवली. एवढं सांगते.

ताई


६ मार्च

प्रिय ताई,

तुझं पत्र दुपारी आलं. ते घेऊनच खाली पाण्याच्या बाईंकडे गेले आणि काही न बोलता त्यांच्यापुढे ठेवलं. दोन वेण्यांच्या मुलीपाशी आल्यावर त्यांनी कागद खाली ठेवला आणि खिडकीशी जाऊन उभ्या राहिल्या.

मग कपाटातून मोठा नकाशा काढला, नंबरांचा. मला वाटलं, नुसता दाखवतायत. त्यांनी पेन घेतलं आणि प्रत्येक नंबरापुढे गावाचं नाव लिहीत गेल्या. चार नंबरपुढे लिहिलं: शाळेमागचा हातपंप, मैदानाची उत्तर कड. पाच नंबरपुढे: पुलाजवळचा. खाली शिशाचे आकडे, तारीख, स्वतःचं पूर्ण नाव आणि सही. म्हणाल्या, "मोठ्या बाईंना लेखी हवंय ना? हे घ्या लेखी. पुढच्या आठवड्यात बाटल्या घेऊन मीही येते, त्यांच्या डोळ्यांसमोर पुन्हा नमुना घेते. पण तोवर थांबू नकोस." मी विचारलं, लेखाचं काय? म्हणाल्या, "आधीच बाहेर फुटला म्हणून नियतकालिकवाले परत पाठवतील बहुतेक." आणि चिठ्ठ्या चिकटवायला बसल्या.

मुख्य संपादकांना सांगून आले. चोरून जाणार नव्हते, तेवढं शिकले. ते म्हणाले, "गेलात तर परत येऊन या खुर्चीत बसायचं की नाही ते तुम्ही ठरवायचं नाही." मी बरं म्हटलं. धीट बिट काही झालेली नाही मी.

ते हसतील तेव्हा काय बोलायचं याचा दिवसभर विचार केला. समजावण्याची तीन वाक्यं तयार केली आणि तिन्ही मला लबाड वाटली, कारण प्रत्येकात नदी, गाळ, क्रमांक आधी येत होते आणि मी शेवटी. आता एवढंच ठरवलंय की आधी म्हणायचं, पहिल्यांदा मी चुकीचं सांगितलं, ताईने नाही. मग नकाशा. मग त्यांना जे विचारायचं ते विचारू दे. हसले तर हसू दे. दोन वेण्यांच्या मुलीला मात्र जवळ बोलावून सांगायचंय. तिला समजेल असं कसं सांगायचं ते अजून सुचलेलं नाही.

तुझ्याकडे उतरणार नाही, तू बोलावल्याशिवाय. धर्मशाळेत बॅग ठेवीन. पिटुकलीला लांबून बघू दिलंस तर बघेन. हे पत्र टपालात टाकत नाही, नकाशासोबत पिशवीत आहे. आधी हातपंप, मग तुझ्या दाराच्या फटीतून हे आत सरकवीन. भांडायचं असेल तर दार उघड.

उद्याचं काम: शाळा भरायच्या आधी हातपंपापाशी पोचणं.

टाचणी